झेंडूच्या मुखपृष्ठाची कॅसेट

कलाकृतीचं खरं मूल्यमापन काळच करतो. हे वाक्य मी स्वतः निदान पंधरा परीक्षणांत वापरलं आहे, आणि प्रत्येक वेळी ते लिहिताना आपण थोडे उंच झालो असं वाटलं आहे. काळाला मात्र नाशिकला यायला फारशी सवड होत नसे. म्हणून ते काम आम्ही दर गुरुवारी दुपारी चारच्या आत उरकून टाकत असू, कारण चारला शनिवारच्या पुरवणीचं पान लागायचं.

नव्वदचं दशक संपत आलं होतं आणि मी एका स्थानिक दैनिकात उपसंपादक होतो. आठवडाभर कांद्याचे भाव, पाणी सोडण्याच्या वेळा, निधनवार्ता आणि नगरसेवकांचे वाढदिवस यांचं शुद्धलेखन तपासायचं, आणि शनिवारी पुस्तकं, नाटकं, गाणी यांच्यावर मत द्यायचं, असं माझं काम होतं. मी खडूस म्हणून प्रसिद्ध होतो. मी ज्यांची पुस्तकं झोडपली होती ते कवी एकत्र आले असते तर त्यांचं एक छोटं संमेलन भरलं असतं, आणि अध्यक्षपदावरून ते मोडलंही असतं.

माझा एक कॉलेजपासूनचा मित्र होता. मखमलाबादच्या बाजूला त्यांची शेती होती. झेंडू, गुलछडी, मेथी, कोथिंबीर. वडील पहाटे फुलबाजारात, थोरला भाऊ भाजीबाजारात, आणि हा एकलहऱ्याच्या वीजकेंद्रात कंत्राटी कामावर, कोळशाच्या पट्ट्यांवर. देवळाली कॅम्पातल्या एका म्हाताऱ्या बँडवाल्याकडून त्याने जुनी गिटार घेतली होती आणि तो गाणी लिहायचा. केबलवर तेव्हा गॉगल लावलेले तरुण बर्फात हात पसरून गात असत. याच्या गाण्यांत बर्फ नव्हता. राख होती. चिमणीतून उडालेली, दोरीवर वाळत घातलेल्या शर्टावर बसलेली.

"मराठीत असं कोणी करतच नाही," तो म्हणायचा. "आपणच लिहायचं, आपणच चाल लावायची, आपणच गायचं."

"सातशे वर्षं हेच चाललंय," मी म्हणालो. "त्यांना आपण संत म्हणतो."

"त्यांच्याकडे गिटार नव्हती."

"म्हणून टिकले."

त्याला माझं असलं बोलणं आवडायचं. आवडायचं म्हणण्यापेक्षा त्याला ते लागायचं, मीठ लागतं तसं. त्याच्या घरी, कामावर, गल्लीत सगळे त्याला चांगलंच म्हणत. माणूस मनमिळाऊ होता, त्यामुळे त्याच्या गाण्याबद्दल खरं मत मिळण्याची काही सोय नव्हती. म्हणून त्याने स्वतःपुरता एक नियम केला होता. कॅसेट निघेपर्यंत स्वतःची गाणी कोणालाही गाऊन दाखवायची नाहीत, मला तर नाहीच. "समोर बसून गायलो की तू माझं तोंड बघणार," तो म्हणाला. "कॅसेटला तोंड नसतं."

गाण्यांचे कागद मात्र त्याने मला दिले होते, शुद्धलेखन तपासायला. मी ते तपासले. ऱ्हस्व-दीर्घ नीट लावून दिले. ती गाणी कशाबद्दल होती हे त्या वेळी मला कोणी विचारलं असतं तर सांगता आलं नसतं.

एका फोटो स्टुडिओच्या मागच्या खोलीत, भिंतींना गाद्या टेकवून, आठ गाणी ध्वनिमुद्रित झाली. अल्बमचं नाव ठरलं 'राख आणि झेंडू'. मुखपृष्ठासाठी त्याने फोटो काढून घेतला होता: खाली राखेचा ढीग, त्यावर झेंडूचं एक फूल. तो फोटो त्याच्या वडिलांनी पाहिला.

"ही राख कशाची?"

"वीजकेंद्राची, अण्णा."

"राख ती राख. शुभ कामात कोण राख टाकतं? लोकं म्हणतील घरात कोणी गेलंय." वडिलांनी फोटो लांब धरून पाहिला. "आणि एकच फूल? आपण काय एक फूल पिकवतो?"

मग राख गेली आणि फूल वाढलं. शेवटी जे मुखपृष्ठ छापलं गेलं त्यावर काठोकाठ झेंडूच झेंडू होता, आणि नाव खाली एका कोपऱ्यात, पाकळ्यांच्या रंगाचंच. त्याने मला दाखवलं तेव्हा मी म्हणालो, "दसऱ्याला खपेल." तो हसला. त्या विनोदाची मला पुढे बराच काळ लाज वाटत राहिली.

प्रकाशन मार्चमध्ये झालं. नाशिकमध्ये कॅसेट नुसती निघत नाही, तिचं प्रकाशन होतं. त्याचा एक क्रम ठरलेला आहे. दीपप्रज्वलन, ज्यात पहिली काडी विझते. स्वागतगीत. शाल, श्रीफळ, पुष्पगुच्छ; पुष्पगुच्छ अर्थातच घरचे होते. मग रंगीत कागदात गुंडाळलेली कॅसेट तबकात येते, प्रमुख पाहुणे गाठ सोडायला नखं शोधतात, कॅसेट छातीशी धरून सगळे फोटोग्राफरकडे पाहतात, आणि मग भाषणं. एका निवृत्त अधिकाऱ्यांनी पाश्चात्त्य संगीताचं आक्रमण कसं परतवायचं ते सांगितलं. हा अल्बम त्या आक्रमणातच मोडत होता, पण ते कोणी त्यांच्या लक्षात आणून दिलं नाही. एका प्राध्यापकांना गाण्यांत मातीचा सुगंध आला. एक कवी स्वतःची कविता म्हणाले, मग तिचा संदर्भ सांगितला, मग पुन्हा म्हणाले.

पत्रिकेत शेवटी 'अल्बममधील निवडक गीतांचे श्रवण' असं छापलं होतं. सूत्रसंचालकांनी घड्याळ पाहिलं आणि वेळेअभावी ते रद्द झाल्याचं जाहीर केलं. टाळ्या झाल्या. दारात प्रत्येकाला एकेक कॅसेट आणि एकेक पेढा मिळाला. पेढा सगळ्यांनी तिथेच खाल्ला.

आता परीक्षणाचं. माझ्या घरचा टेपरेकॉर्डर फीत खायचा. दुरुस्तीला टाकतो टाकतो म्हणत राहिलो आणि गुरुवार उजाडला. आदल्या तीन शनिवारी मी तीन पुस्तकं मोडीत काढली होती आणि संपादकांनी बोलावून सांगितलं होतं, "या आठवड्यात जरा बरं लिहा. लोकांना वाटतंय तुमच्या घरी काही प्रॉब्लेम आहे." तेव्हा मला एक गोष्ट समजली, जी या धंद्यातल्या प्रत्येकाला कधी ना कधी समजते: न ऐकता दोष काढता येत नाहीत. दोष काढायला नेमकं काहीतरी ऐकावं लागतं. स्तुतीचं तसं नाही. मी ते कागद पुन्हा काढले, आठही गाण्यांची नावं क्रमाने घेतली आणि दुपारी साडेतीनपर्यंत सहाशे शब्द लिहिले. आवाजातला जाणीवपूर्वक ठेवलेला खडबडीतपणा, वाद्यांचा संयम, दुसऱ्या बाजूचं शेवटचं गाणं संपल्यावर उरणारी शांतता. त्या शांततेबद्दल एक अख्खा परिच्छेद होता.

शुक्रवारी संध्याकाळी तो कचेरीत आला. चहा प्यायला खाली टपरीवर गेलो. त्याच्या खिशात एक पत्र होतं: वीजकेंद्रातल्या कायम जागेसाठी मुलाखत, सोमवारी.

"झालं की मग," मी म्हणालो. "कायम होशील."

"कायम झालो की तीन पाळ्या. शिकाऊ म्हणून दोन वर्षं रजा नाही. मग गाणं नाही. घरी अण्णा म्हणतात, जा. दादा म्हणतो, जा. मी म्हटलं, शनिवार होऊ दे."

"शनिवारी काय आहे?"

"तुझं छापून येईल ना." त्याने पत्र घडी घालून पुन्हा खिशात ठेवलं. "तू कोणाला उगीच चांगलं म्हणत नाहीस. तू म्हणालास की गाण्यात काही नाही, तर मी सोमवारी टाय घालून जातो. तू म्हणालास आहे, तर मी हे सोडतो आणि दुसऱ्या अल्बमला लागतो. मुंबईला कॅसेट कंपनीतला एक जण भेटायला बोलावतोय." मग जरा थांबून म्हणाला, "आत्ता सांगतोस?"

पान लागून एक दिवस झाला होता. पण तोंड लागलं नव्हतं. तोंडाने मी सांगू शकलो असतो की बाबा रे, मी ऐकलेली नाही, तू आपला मुलाखतीला जा. हे सांगायला किती वेळ लागला असता, याचा मी पुढे अनेकदा हिशोब केला आहे. अर्ध्या कप चहाचा.

"उद्या वाच," मी म्हणालो.

सोमवारी तो मुलाखतीला गेला नाही.

पुढचे तीन आठवडे त्याचे चांगले गेले. त्याच्या अल्बमचं स्वागत कसं झालं असं कोणी विचारलं तर मी म्हणेन, अत्यंत उत्तम. माझं परीक्षण त्याने लॅमिनेट करून घेतलं. दुसऱ्या दोन वर्तमानपत्रांत बातमी आली. दोन्हींत माझीच वाक्यं होती, जरा पुढेमागे करून. रस्त्यात लोक हात मिळवत. "छान झालीय हं कॅसेट." "एकदम वेगळी." एक निवृत्त शिक्षक त्याला गंगापूर रोडवर थांबवून म्हणाले, "सकाळी पूजेच्या वेळी लावतो. फार प्रसन्न वाटतं." ही दाद त्याला सगळ्यांत जास्त आवडली. पॉप संगीत देवघरापर्यंत पोचलं, हे त्याने मला फोन करून सांगितलं. मुंबईचा माणूस मात्र भेटीची तारीख पुढे ढकलत राहिला.

खरं काय ते वहिनीने उघडकीला आणलं. त्याची थोरली वहिनी उन्हाळ कांद्याच्या काढणीसाठी देवळ्याला माहेरी गेली होती. ती एप्रिलमध्ये परत आली आणि दुसऱ्या दिवशी भाकरी करताना तिने स्वयंपाकघरात कॅसेट लावली. त्या घरात ती कोणी लावली नव्हती, कारण यानेच लावू दिली नव्हती. स्वतःचा आवाज भाकरीच्या धुरात ऐकायची त्याला लाज वाटायची. जेवायला वाढताना ती म्हणाली,

"भाऊजी, गाणी चांगली हायेत."

"खरंच?"

"हो. पण तुमचा आवाज कधी येतो? मी दोन्ही बाजू ऐकल्या. सगळीकडं बाईच गाती."

"कोणती बाई?"

"ते मला काय माहीत. आईचा डोंगर, आईचा डोंगर करती."

ती सप्तशृंगीच्या देवीची गाणी होती.

तो त्याच दुपारी कचेरीत आला. मला वाटलं, भांडायला आलाय. तसं नव्हतं. तो धापा टाकत होता पण तोंडावर सुटकेचा भाव होता. घरातल्या उरलेल्या चाळीस कॅसेटी त्याने फोडून पाहिल्या होत्या, सगळ्यांत देवी. "पण सगळ्या बिघडलेल्या नाहीत," तो म्हणाला. "तुझी बरोबर होती. तू तर सगळं लिहिलंयस, शेवटचं गाणं, ती शांतता. म्हणजे काही पेट्या नीट गेल्यात. तुझी दे जरा, तिचा नंबर बघतो, मग त्या पेटीतल्या कोणाकोणाला गेल्या ते काढता येईल."

माझी कॅसेट टेबलाच्या दुसऱ्या खणात होती. मी खण उघडला. दुसरं काही सुचलं असतं तर केलं असतं. वरचं पातळ प्लॅस्टिक शाबूत होतं, प्रकाशनाच्या दिवशी होतं तसंच ताणलेलं.

त्याने ती हातात घेऊन उलटीसुलटी केली. प्लॅस्टिकवरून अंगठा फिरवला, कुठे फाटलंय का बघत. मागच्या टेबलावरचा पानं लावणारा माणूस मला काहीतरी विचारत होता, मथळा दोन ओळींत घेऊ की तीन. मी म्हणालो, दोन.

"फोडू?" मित्राने विचारलं.

"फोड."

त्याने फोडली नाही. ती माझ्या टेबलावर ठेवली. "मग ती शांतता कुठली होती?" तो म्हणाला.

कॅसेट कॉपी करणारा पंचवटीत एका गाळ्यात होता. आम्ही दोघं तिथे गेलो. त्याने काही लपवलं नाही, कारण यात लपवण्यासारखं काही घडलंय असं त्याला वाटतच नव्हतं. प्रकाशनाआधीच्या आठवड्यात त्याच्याकडे दोन कामं होती. चैत्रातल्या यात्रेसाठी वणीला जायच्या देवीच्या कॅसेटी, आणि याच्या. कॉपी झालेल्या, वर नाव नसलेल्या कॅसेटी दोन खोक्यांत, मुखपृष्ठं दोन गठ्ठ्यांत. एका गठ्ठ्यावर देवी, दुसऱ्यावर झेंडू.

"आता झेंडू म्हटल्यावर मी समजलो, हेबी देवीचंच," तो म्हणाला. "भाग एक, भाग दोन. कोणतं कशात टाकलं तरी देवीला काय फरक पडतो?"

"नाव नाही वाचलं?" मी विचारलं.

"साहेब, नाव कोण वाचतं?"

सहाशे शब्द लिहिलेल्या माणसाने यावर काय बोलायचं.

मित्राच्या कॅसेटी वणीला गेल्या होत्या, देवीच्या चित्रात. परत येताना रामकुंडाजवळ तो थांबला आणि म्हणाला, "म्हणजे ऐकल्या असतील."

"कोणी?"

"वणीत. यात्रेकरूंनी. इथं कोणी ऐकली नाही, पण त्यांनी विकत घेतली असणार. विकत घेतलेली माणूस ऐकतो." मग माझ्याकडे न बघता म्हणाला, "त्यांना माझं तोंड माहीत नाही. शनिवारची पुरवणीही माहीत नाही."

मला त्याच्याबरोबर जायचं नव्हतं, म्हणून मी गेलो.

दिंडोरीमार्गे बसला दोन तास लागले. यात्रा होऊन आठवडा झाला होता. रस्त्याकडेला नारळाच्या शेंड्या आणि फाटक्या चपला पडलेल्या होत्या. दुकान सापडायला वेळ लागला नाही. पितळी मूर्ती, बांगड्या, कुंकू, कॅसेटी. दुकानदार पन्नाशीचा, कपाळभर मळवट. मित्राने सांगितलं की कॅसेटी बदलल्या गेल्या, त्यातली गाणी माझी. दुकानदाराने त्याला नीट बघून घेतलं.

"तुम्ही व्हय ते," तो म्हणाला. "लय ताप दिला राव तुम्ही. भर यात्रेत लोकं भांडाया यायचे."

"काय म्हणायचे?"

"काय म्हणणार? पैली बाजू लावली, देवी नाय. म्हणले दुसऱ्या बाजूला आसंल. दुसरी लावली, देवी नाय."

"पण गाणी कशी वाटली त्यांना?"

"कशी म्हंजी?"

"म्हणजे चांगली, वाईट."

दुकानदाराने विचार केला. याबद्दल मला त्याचा फार आदर वाटला. आमच्याकडच्या एकाही वक्त्याने तेवढा विचार केला नव्हता. "वाईट कोणी म्हणलं नाय," तो म्हणाला. "पण त्यांचं ध्यान देवी कधी येती तिकडं. एक म्हातारा म्हणला, गाणाऱ्याच्या घरात कोणी वारलंय का काय. एक जण म्हणला, हा माणूस निसती राख राख करतोय, बंद करा."

"आवाज?" मित्राने विचारलं.

"कोणाचा?"

"गाणाऱ्याचा."

"माणसाचा व्हता," दुकानदार म्हणाला.

मित्राने मान हलवली. मी त्या क्षणी दुकानातल्या पितळी समया मोजत होतो. मग त्याने विचारलं, परत आलेल्या कॅसेटी कुठे आहेत, मी घेऊन जातो. दुकानदाराने आतून एक खोकं आणलं. प्रत्येक कॅसेटच्या वरच्या काठावर, जिथे गाणी पुसली जाऊ नयेत म्हणून मोडलेल्या पातीची खाच असते, तिथे चिकटपट्टी लावलेली होती. ती लावली की जुन्या कॅसेटवर पुन्हा ध्वनिमुद्रण करता येतं.

"यात्रेत माल वाया कसा घालवायचा?" तो म्हणाला. "पोरगी बसली रात्रंदिस, सगळ्यांवर देवी भरली. आता चोख हायेत. घेऊन जा एखादी."

आम्ही बाहेर पडलो तेव्हा त्याने मागून हाक मारली. "ओ गाणारे. एक नाय आली परत." सुरगाण्याकडची एक बाई दर चैत्रात पायी येते, त्याने सांगितलं. तिने एक घेतली होती. तीन दिवस गडाखाली मुक्कामाला होती, रोज दुकानावरून जायची, पण परत द्यायला आली नाही.

बसमध्ये मित्र खिडकीशी बसला. दिंडोरी येईपर्यंत तो बाहेर बघत होता. मग म्हणाला, "एकीने ठेवली."

"हो."

"म्हणजे आवडली असेल."

मी म्हणालो, असेल. दुसरं काय म्हणणार होतो? माझ्या मताला आता तशीही किंमत नव्हती.

त्याच्याकडे मूळ ध्वनिमुद्रणाची स्वतःची एक प्रत होती. मी त्याला म्हणालो, पुन्हा कॉपी करून घे, मी नीट ऐकून लिहितो, झालेलं सगळं लिहितो. तो म्हणाला, "कोणाला वाटू? सगळ्यांनी ऐकलीय की." यात तथ्य होतं. ज्यांनी ज्यांनी छान म्हटलं होतं त्यांना पुन्हा कॅसेट देणं म्हणजे प्रत्येकाला खोटा ठरवणं, आणि नाशिकसारख्या गावात ते करून राहता येत नाही. पुस्तकाची दुसरी आवृत्ती निघते, पण अनावरण झालेल्या कॅसेटचा दुसरा सोहळा होत नाही. मग मी ती प्रत मला ऐकायला मागितली.

"तुझं परीक्षण झालंय," तो म्हणाला.

हे त्याने रागाने म्हटलं असतं तर बरं झालं असतं.

कायमच्या जागेवर दुसरा कोणी लागला. याचं कंत्राट पावसाळ्याच्या आत संपलं आणि पुढे मिळालं नाही. मुंबईचा माणूस फोन उचलेनासा झाला. तो घरच्या शेतीत उतरला, पहाटे वडिलांबरोबर फुलबाजारात जाऊ लागला. वडील त्याला काही बोलले नाहीत, ते फक्त ओळखीच्यांना सांगत, "हा आमचा धाकटा. पेपरात आलं होतं त्याचं." गाणी लिहिणं बंद झालं. गिटारच्या दोन तारा तुटल्या त्या तशाच राहिल्या. पण मी भेटलो की तासाभराच्या गप्पांत कुठेतरी, खताबद्दल बोलता बोलता, तो म्हणायचा, "त्या बाईने का ठेवली असेल रे?" त्याला उत्तर नकोच असायचं. अख्ख्या जिल्ह्यात त्याला एक श्रोता होता, आणि तो माझ्यासारखा नव्हता, एवढं त्याला पुरायचं.

त्याने वणीच्या दुकानदाराला शेजारच्यांच्या फोनचा नंबर देऊन ठेवला होता. ती बाई पुन्हा आली तर विचारा, काय आवडलं. पुढच्या चैत्रात फोन आला नाही. त्याच्या पुढच्या चैत्रात, म्हणजे नवं शतक सुरू झाल्यावर, माझ्या सासूबाईंचा नवस फेडायला आम्ही गडावर गेलो, तेव्हा मी खाली वणीत त्या दुकानात गेलो. दुकानदाराने मला ओळखलं.

"ती बाई यंदा आली व्हती," तो म्हणाला. "फोन करायचा राहून गेला. मी इचारलं तिला. म्हणली, कॅसेट देव्हाऱ्यात ठेवलीय. रोज हळदकुंकू वाहती म्हणं."

मी त्याला एक प्रश्न विचारला आणि त्याने त्याचं उत्तर दिलं. मग मी सासूबाईंसाठी बांगड्या घेतल्या आणि निघालो.

परत आल्यावर मी मखमलाबादला गेलो. तो झेंडूच्या सरीत उभा होता. मी सांगितलं की बाई आली होती, तिने कॅसेट देव्हाऱ्यात ठेवली आहे, रोज हळदकुंकू वाहते. यातला शब्द न् शब्द खरा होता. आयुष्यात पहिल्यांदा मी त्याला त्याच्या कॅसेटबद्दल खोटं काही सांगत नव्हतो.

मग त्याने विचारलं, "देव्हाऱ्यात?"

"देव्हाऱ्यात."

त्याने हातातली टोपली बांधावर ठेवली आणि पाण्याच्या नळीखाली तोंड धुतलं. त्याची वहिनी मेथीच्या जुड्या बांधत होती, तिने आमच्याकडे पाहिलं आणि पुन्हा खाली मान घातली. त्या आठवड्यात तो शहरात येऊन गिटारच्या तारा घेऊन गेला. दुसऱ्या अल्बमची गाणी त्याने पावसाळ्यापर्यंत लिहून काढली आणि शुद्धलेखनासाठी माझ्याकडे आणून दिली. त्यासाठी त्याने दोन सरी झेंडू कमी लावला होता, आणि भावाशी त्यावरून वाजलं होतं.

दुकानदाराला मी विचारलं होतं, तिने ती ऐकली का. तो म्हणाला, तिच्या घरी टेप नाय.